स्विचच्या नोंदीतली आठ मिनिटं

त्या मृत्यूची बातमी मला आधी तक्रार म्हणून कळली. हॉस्पिटलच्या ऑफिसातून फोन आला, "मॅडम, वरच्या मजल्यावरची मॉनिटरची स्क्रीन काल दुपारी अडकली होती. जमेल तेव्हा येऊन बघून जा." जमेल तेव्हा म्हणाले, म्हणून मी आणखी एक दिवस जाऊ दिला आणि मग गेले.

हॉस्पिटल एका ट्रस्टचं, अलिबाग आणि श्रीवर्धनच्या मधल्या किनाऱ्यावरचं. तिथलं नेटवर्क सांभाळायचं काम अलिबागच्या आमच्या छोट्या फर्मकडे होतं. फर्म म्हणजे सुरुवातीला सर एकटे, नंतर सर आणि मी, आणि सरांचे गुडघे दुखायला लागल्यापासून बहुतेक मीच. सर उत्तरेकडच्या मिठागरवाल्या घरातले. त्यांचे भाऊ ट्रकच्या धंद्यात गेले आणि हे एकटे वायरींच्या मागे लागले. मी श्रीवर्धनची, सुपारीच्या बागेत वाढलेली. डिप्लोमा झाल्यावर त्यांच्या हाताखाली आले, त्याला चौदा वर्षं झाली होती. माझ्या हातात जे काही कसब आहे ते त्यांनी दिलेलं, आणि माझ्या काही सवयीही त्यांच्याच.

वरच्या मजल्यावर आयसीयूतून बाहेर आणलेल्या पेशंटांच्या चार खोल्या होत्या. प्रत्येक खाटेजवळ मॉनिटर, आणि चारही पेशंटांच्या हृदयाच्या ठोक्यांचे आकडे बाहेर काउंटरवरच्या एका मोठ्या स्क्रीनवर दिसत. काउंटरवर ज्या सिस्टर बसत त्या म्हसळ्याच्या, पन्नाशीच्या. मला बघितल्यावर एरवी त्या आधी पाणी देत आणि मग बोलत. त्या दिवशी पाणी दिलं नाही.

"दोन नंबरच्या खोलीतले बाबा गेले, तुम्हाला सांगितलं का कुणी?" त्यांनी विचारलं.

मी नाही म्हटलं. मला फक्त स्क्रीनचं सांगितलं होतं.

"ट्रक चालवायचे ते आधी. हार्टचे पेशंट. दोन दिवसांनी घरी सोडणार होते." त्या स्क्रीनकडेच बघत बोलत होत्या. "मी इथेच होते, ह्याच खुर्चीत. वर बघितलं, बहात्तर. औषधांचं रजिस्टर भरायला घेतलं, परत वर बघितलं, बहात्तर. मग त्यांची बायको ओरडत आली. आत गेले तर खाटेजवळचा मॉनिटर कोकलत होता. एसीमुळे दार लावलेलं, त्यात शेजारच्या खोलीत वाफेचा नेब्युलायझर चालू. मला ऐकूच आलं नाही."

त्यांच्याकडून लेखी खुलासा मागितला होता. आठ दिवसांची मुदत होती. कागद त्यांनी रजिस्टरखाली घालून ठेवला होता, तो काढून दाखवला. कोरा होता.

"मॅडम," त्या अगदी हळू म्हणाल्या, "मी खरंच बहात्तर बघितलं का हो? का आता मला तसं वाटतंय?"

 बघते, एवढंच म्हटलं आणि जिन्याखालच्या खोलीत गेले.

त्या खोलीत एक लोखंडी कपाट आहे आणि कपाटात आमचे स्विच. स्विच म्हणजे दिव्याचं बटण नव्हे. ही चपटी पेटी असते. हॉस्पिटलभरच्या वायरी तिच्यात येऊन बसतात आणि कोणाचा निरोप कुणाकडे जायचा ते ही पेटी ठरवते. तिच्या आत कायमचं बसवलेलं एक सॉफ्टवेअर असतं, त्याला फर्मवेअर म्हणतात. पेटी बनवणारी कंपनी त्यातल्या चुका सापडतील तशा दुरुस्त करते आणि नवी आवृत्ती फुकट देते. ती आपली आपण पेटीत शिरत नाही. कुणीतरी ती आणून, तपासून, चढवायची असते. ते काम माझं होतं.

मी लॅपटॉप जोडला आणि प्रत्येक स्विचला पहिला प्रश्न विचारला, किती वेळ चालू आहेस? बाकी सगळ्या पेट्यांचं उत्तर महिन्यांत आलं. वरच्या मजल्याच्या एका पेटीचं आलं दोन दिवस आणि काही तास. मी बोटांवर मागे मोजत गेले आणि त्याच दुपारी येऊन थांबले.

पेटी आपोआप बंद पडून पुन्हा चालू झाली होती. बंद पडताना ती एक नोंद लिहून ठेवते, ती मी उघडली. मेमरी, म्हणजे काम करायची आतली जागा, संपली, असं कारण होतं. पूर्ण उभी राहून वायरी पुन्हा जोडायला तिला आठ मिनिटं लागली होती. त्या आठ मिनिटांत चारही खोल्यांतून काउंटरपर्यंत काहीच पोचलं नव्हतं. काउंटरच्या स्क्रीनचा प्रोग्रामही जुना. संपर्क तुटला की तो शेवटचा आकडा तसाच धरून ठेवायचा आणि कोपऱ्यात एक बारीक पिवळी खूण दाखवायचा. ती खूण काय सांगते हे सिस्टरना कुणी शिकवलं नव्हतं. मीही नाही.

म्हणजे सिस्टरनी बहात्तर खरंच बघितलं होतं.

त्या खोलीत बसायला एक उलटी बादली होती. तिच्यावर मी बराच वेळ बसून राहिले. कारण मला आणखी एक गोष्ट आठवली होती. ही पेटी त्या वर्षात आधीही तीनदा अशीच बंद पडून चालू झाली होती, आणि तिन्ही वेळा मी आमच्या वहीत एकच शब्द लिहिला होता, "वीज". किनाऱ्यावर विजेचा चढउतार रोजचाच, त्यामुळे ते कारण कुणालाही पटायचं. मलाही पटलं होतं. तेव्हा नोंद उघडून बघितली असती तर पाच मिनिटं लागली असती.

कँटीनमध्ये जाऊन मी त्या पेटीच्या नव्या आवृत्त्यांची माहितीपत्रकं उतरवून घेतली. प्रत्येक आवृत्तीबरोबर कंपनी एक लांबलचक यादी देते, काय बदललं आणि कोणती चूक दुरुस्त झाली याची. वाचायला अतिशय रुक्ष. चौथ्या पत्रकात ती ओळ सापडली. एका ठरावीक प्रकारच्या कामात ही पेटी वापरलेली मेमरी मोकळी करत नाही, आणि काही महिने चालू राहिल्यावर आपोआप पुन्हा सुरू होऊ शकते. ही चूक या आवृत्तीत दुरुस्त केली आहे. ते पत्रक चार वर्षांपूर्वीचं होतं. आमच्या पेटीतली आवृत्ती त्याच्याही आधीची, सरांनी पेटी बसवली त्या दिवसाची.

चहा समोर तसाच राहिला. मी गाडी काढली आणि सरांच्या घरी गेले.

सर ओटीवर खुर्ची टाकून बसले होते. मी उभ्यानंच सगळं सांगितलं. त्यांनी मधे एकदाही टोकलं नाही. मग म्हणाले, "बस आधी."

मी बसले.

"आता काय करायचं म्हणतेस?"

"रिपोर्ट लिहून देते, सर. जे सापडलं ते."

"लिवू नको." ते पटकन म्हणाले. रागावले किंवा घाबरले की सर घरच्या बोलीत जात. "तोंडी सांग, स्विच खराब हाय. नवीन पेटी बसवू आपन. कागदावर नको."

"आणि सिस्टर?"

 आतून त्यांच्या पत्नींनी चहा आणून ठेवला आणि आमची तोंडं बघून लगेच परत गेल्या.

"त्या बाईची नोकरी जाईल सर. आणि ती आयुष्यभर समजेल की आपलंच लक्ष नव्हतं."

"माझंच लक्ष नव्हतं म्हन ना." ते समोरच्या अंगणाकडे बघत म्हणाले. "तू तुझ्या वहीचं सांगतेस. पन जुनं ते राहू द्यायचं, हात लावायचा न्हाय, हे तुला शिकवलं कोनी?"

मग त्यांनी मला जे सांगितलं ते चौदा वर्षांत कधी सांगितलं नव्हतं. मी यायच्या आधी एका कारखान्यात त्यांनी अशीच नवी आवृत्ती चढवायला घेतली होती. पेटीत अर्धं लिहून होतं न होतं तोच लाईट गेली. बॅकअपची बॅटरी आहे असं कारखानेवाल्यांनी सांगितलं होतं, ती मेलेली होती. सरांनी स्वतः तपासली नव्हती. पेटी कायमची गेली, काम दोन दिवस बंद राहिलं, आणि मालकानं सगळ्या कामगारांसमोर त्यांना वाटेल ते बोलून घेतलं. "त्या दिवसापासून हात थरथरायचा माझा," सर म्हणाले. "मग मी नियमच केला. आनि तो नियम हाय म्हनून तुला शिकवला. भीती हाय असं कधी बोललो न्हाय."

 मी चहा प्यायले. निघताना ते दारापर्यंत आले, एक हात कठड्यावर ठेवून. "लिही," ते म्हणाले. "फर्मचं नाव वर घाल. माझं बी घाल."

रिपोर्ट दीड पानाचा झाला. पेटी कधी बंद पडली, का पडली, किती वेळ, स्क्रीनवर त्या वेळात काय दिसत राहिलं असणार. शेवटी दोन ओळी लिहिल्या. ही चूक दुरुस्त करणारी आवृत्ती चार वर्षांपासून उपलब्ध होती आणि आम्ही ती चढवली नाही. याआधीच्या तीन घटनांचं कारण आम्ही न तपासता नोंदवलं. त्या दोन ओळी मी तीनदा खोडल्या आणि तीनदा परत लिहिल्या.

हॉस्पिटलच्या मोठ्या डॉक्टरांनी तो माझ्यासमोरच वाचला, दोनदा. वाचून चष्मा काढला.

"हे तुम्ही लिहिलं नसतं तर मला कधीच कळलं नसतं," ते म्हणाले.

मला एकच विचारायचं होतं.  "ती आठ मिनिटं मिळाली असती तर ते वाचले असते का, डॉक्टर?"

ते रिपोर्टवर हात ठेवून म्हणाले, "हृदय फार थकलेलं होतं त्यांचं. मी हो म्हणणार नाही. नाही म्हणून तुम्हाला मोकळंही करणार नाही. मला खरंच माहीत नाही."

त्यांनी त्याच दिवशी सिस्टरकडून खुलासा मागणारा कागद परत घेतला. आणि चार दिवसांनी, दहावं झाल्यावर, त्या गृहस्थांच्या घरच्यांना बोलावलं. मला म्हणाले, तुम्ही यायलाच हवं असं नाही. मी गेले.

त्यांची बायको आणि मुलगी आल्या होत्या. बायको साठीच्या पुढची, अंगावर पदर घट्ट लपेटून खुर्चीच्या कडेवर बसलेली. मुलगी पनवेलला ऑफिसात नोकरी करायची. ती वही घेऊन आली होती आणि प्रत्येक शब्द लिहून घेत होती. डॉक्टरांनी सोप्या शब्दांत सगळं सांगितलं. काहीही लपवलं नाही. मग माझ्याकडे हात करून म्हणाले, "हे ह्यांनीच शोधून काढलं. आणि ह्यांचीच ती जबाबदारी होती."

मुलीनं लिहिणं थांबवलं. "चार वर्षं?" तिनं मला विचारलं.

"हो."

"चार वर्षं तुमच्याकडे होतं ते? फुकट?"

"हो."

ती माझ्याकडे बघत राहिली. मी नजर खाली घातली नाही, पण ते सोपं नव्हतं. मी फक्त, "मला माफ करा, असंही मी म्हणू शकत नाही," एवढं म्हटलं.

तेवढ्यात आई बोलल्या. डॉक्टरांशी नाही, माझ्याशीही नाही, मुलीशी. "म्हंजे मी खाली गेलेली म्हनून न्हाय ना झालं?"

मुलीला कळेना. "काय आई?"

"ते बोलले, जा, वडापाव खाऊन ये, सकाळपासून उपाशी हायस. मी गेलेली. वर आले तर..." त्यांनी पदर तोंडावर धरला. "मला वाटत हुतं, मी बसलेली असते तर."

मुलगी वही टाकून आईजवळ गेली. सिस्टर दारापाशी उभ्या होत्या, त्यांना आत यायला कुणी सांगितलं नव्हतं. त्या आल्या, त्या बाईंच्या पायाशी जमिनीवर बसल्या आणि त्यांच्या गुडघ्यावर हात ठेवला. दोघी रडत होत्या. डॉक्टर खिडकीशी जाऊन उभे राहिले. मी बाहेर पडले आणि गाडीत जाऊन बसले. 

त्याच्या पुढच्या रविवारी आम्ही सगळ्या पेट्या अद्ययावत करायचं ठरवलं. रविवारी ओपीडी बंद असते. सकाळी आठला मी पोचले तर सर माझ्या आधी येऊन जिन्याखालच्या खोलीत स्टुलावर बसलेले. त्यांना मी बोलावलं नव्हतं.

"बॅटरी मी तपासली," ते म्हणाले. "दोनदा. जनरेटरवाल्यालाबी उभा केलाय."

मोठ्या डॉक्टरांशी आधीच ठरलं होतं. वरच्या चारही खोल्यांत त्या दिवशी एकेक नर्स खाटेजवळ बसणार, स्क्रीनवर कुणीही अवलंबून राहायचं नाही. लॅबचे रिपोर्ट हातानं पोचवायचे. तो सगळा बंदोबस्त सिस्टरनी केला होता. कोण कुठे बसणार याचा कागद त्यांनी भिंतीला चिकटवला होता.

आमच्या जुन्या आवृत्तीवरून एकदम नव्या आवृत्तीवर उडी मारता येत नव्हती. मधली एक आवृत्ती आधी चढवायची, पेटी त्या पायरीवर नीट उभी राहिली की मग पुढची. सगळ्या पेट्यांच्या जोडण्यांची मांडणी मी आधीच उतरवून ठेवली होती. फाईल उतरवताना बिघडलेली नाही ना, हे कंपनीनं दिलेल्या आकड्याशी ताडून बघायचं असतं. तो लांबलचक आकडा सरांनी मोठ्यानं वाचला आणि मी स्क्रीनवर एकेक अक्षर जुळवत गेले. पहिली पेटी व्यवस्थित आली. दुसरी आली. तिसरीही आली.

चौथी वरच्या मजल्याची. तिच्यात जागा इतकी कमी होती की नवी फाईल ठेवायला जुनी आधी पुसावी लागणार होती. पुसली की मागे जायचा रस्ता बंद. मी सरांकडे बघितलं. त्यांनी मान हलवली. मी पुसली.

नवी फाईल गेली, ताडून बघितली, पेटी पुन्हा सुरू केली. पाच मिनिटं झाली, आठ झाली, दहा झाली. समोरचा दिवा पिवळाच राहिला. पेटी जागी झाली होती, पण स्वतःचं सॉफ्टवेअर तिला सापडत नव्हतं.

 सर स्टुलावरून उठले, गुडघ्यांची पर्वा न करता जमिनीवर बसले आणि म्हणाले, "केबल दे."

पेटीच्या मागे एक वेगळं भोक असतं, अशाच वेळी वापरायचं. खाऱ्या हवेनं त्याच्या आतल्या तांब्याच्या पट्ट्या हिरव्या पडल्या होत्या. सरांनी खिशातून खोडरबराचा बारीक कापलेला तुकडा काढला आणि त्या पट्ट्या एकेक करून घासल्या. केबल जोडली. त्या रस्त्यानं फाईल फार हळू जाते, थेंबाथेंबानं. स्क्रीनवर टक्के चढत होते आणि आम्ही दोघं नुसते बघत होतो. मधे एकदा विजेनं डोळा मिचकावला. कपाटातला दिवा हललासुद्धा नाही, बॅटरीनं धरलं. सरांचा हात माझ्या खांद्यावर होता, तो थरथरत होता, पण त्यांनी तो काढला नाही.

वरून सिस्टरचा निरोप आला, सगळे ठीक आहेत, तुम्ही घाई करू नका.

पाऊण तासानं फाईल पूर्ण गेली. मी आदेश दिला. दिवा विझला, पुन्हा लागला, पिवळा झाला, आणि बऱ्याच वेळानं हिरवा. वायरींचे दिवे एकामागून एक लागत गेले. सर भिंतीला टेकून बसले आणि त्यांनी डोळे मिटले.

मी वर गेले. काउंटरच्या स्क्रीनवर चार खोल्यांचे आकडे हलत होते. सिस्टर प्रत्येक खोलीत जाऊन खाटेजवळचा आकडा मोठ्यानं सांगत होत्या आणि मी बाहेरून तो जुळवून हो म्हणत होते. दोन नंबरच्या खोलीत आता दुसरेच कुणी आजोबा होते. त्यांचा आकडा ऐंशीच्या आसपास होता. कोपऱ्यातल्या त्या पिवळ्या खुणेचा अर्थ मी त्या दिवशी सगळ्या नर्सना समजावला, आणि संपर्क तुटला की मोठा भोंगा वाजेल अशी सोय स्क्रीनच्या कंपनीकडून पुढच्या महिन्यात करून घेतली.

सहा महिन्यांनी ट्रस्टनं आमचं काम काढून नवी मुंबईच्या एका मोठ्या कंपनीला दिलं. मोठ्या डॉक्टरांनी स्वतः फोन करून सांगितलं. मी का म्हणून विचारलं नाही. सर म्हणाले, "बरोबर हाय त्यांचं," आणि पुन्हा तो विषय काढला नाही.

नव्या कंपनीचे दोन इंजिनिअर ताबा घ्यायला आले. मी त्यांना प्रत्येक पेटीची फाईल दिली. कोणती आवृत्ती आहे, मधली पायरी कुठली घ्यावी लागली, कुठे काय अडलं, बॅटऱ्या कधी बदलल्या. त्यातल्या एकानं पानं चाळत विचारलं, "हे एवढं सगळं कशाला लिहिलंय मॅडम?" मी त्याला खुर्ची दिली आणि ट्रक चालवणाऱ्या त्या गृहस्थांची गोष्ट सुरुवातीपासून सांगितली. त्यानं फाईल मिटून दोन्ही हातांत धरली आणि शेवटपर्यंत ऐकली.